ग्रीक पुराणकथांवरचे मूकपट: आवाज नसताना होमरचं काय उरतं, आणि सुरुवात कुठून करावी?

तुम्ही दोन गोष्टी विचारल्या आहेत. ग्रीक पुराणकथेवरचा एखादा मूकपट बघायचा आहे तर कुठून सुरुवात करावी, ही एक. आणि संवादच नसतील तर होमरसारख्या कवीचं त्यात काय शिल्लक राहणार, ही दुसरी. दुसरीचं उत्तर आधी देतो, कारण ते पटलं नाही तर पहिल्याला काही अर्थ नाही.

काव्य उरत नाही. होमरच्या ओळी, त्या लांबलचक उपमा, गुलाबी बोटांची पहाट, यातलं काहीही मूकपटात सापडणार नाही. शोधायला जाऊ नका, हिरमोड होईल. ट्रॉयच्या युद्धानंतर ओडिसियस घरी परततो त्याची होमरने सांगितलेली गोष्ट म्हणजे 'ओडिसी'; तिच्या नवव्या सर्गातला पॉलिफेमसचा प्रसंग घ्या. एकाक्ष राक्षसाच्या गुहेत अडकलेला ओडिसियस त्याला आपलं नाव 'कुणीच नाही' असं सांगतो, दारू पाजून झोपवतो आणि ऑलिव्हचा तापवलेला खुंट त्याच्या डोळ्यात घुसवतो. राक्षस बोंब मारतो. शेजारपाजारचे राक्षस गुहेबाहेर जमून विचारतात, काय झालं? हा ओरडतो, 'कुणीच नाही मला मारत!' ते म्हणतात, मग झोप की गपचूप, आणि निघून जातात. सगळी गंमत कानाची. पडद्यावर पाटी टाकून ती सांगता येते, पण ऐकण्यातला घोटाळा डोळ्यांनी वाचून मजा येत नाही. तेवढं नुकसान सोसावंच लागतं.

पण त्याच सर्गात दुसरीही एक गोष्ट आहे. होमर म्हणतो, हा राक्षस भाकरी खाणाऱ्या माणसासारखा दिसत नव्हता, एकट्या उभ्या असलेल्या डोंगराच्या शिखरासारखा दिसत होता. गुहेच्या तोंडावर तो जी शिळा लावायचा ती २२ गाड्यांनाही हलली नसती. ऐकणारा मान डोलावतो आणि कथा पुढे जाते. सिनेमावाल्याची मात्र तिथे पंचाईत. ते शिखर आणि भाकरी खाणारा माणूस एकाच चौकटीत, एकाच वेळी उभे करून दाखवायचे कसे? हे मूकपट मी बघतो ते त्यासाठी. जवळजवळ पंचवीस वर्षं निरनिराळ्या देशांतले लोक या एका अडचणीशी झटत होते. देव, राक्षस आणि माणूस यांना एकत्र बसवण्याचा प्रत्येकाचा तोडगा वेगळा होता, आणि शेवटी काहींनी देवांनाच घरी पाठवून दिलं.

सुरुवात पॅरिसमध्ये झाली. ज्योर्ज मेलिएस मूळचा जादूगार. १८८८ मध्ये त्याने रोबेर-उदँचं जादूच्या प्रयोगांचं नाट्यगृह विकत घेतलं होतं. सिनेमा हाती लागल्यावर त्याने ग्रीक कथांकडे वळणं स्वाभाविकच होतं, कारण त्यांत माणसं झाडं होतात, दगड जिवंत होतात, म्हणजे रंगमंचावरच्या जादूचा सगळा माल तयारच. १८९८ मध्ये त्याने पिग्मॅलियन आणि गॅलाटियाची गोष्ट केली. जेमतेम मिनिटभराचा तुकडा, पुष्कळ वर्षं हरवलेलाच समजला जात होता. शिल्पकार पुतळ्याच्या प्रेमात पडतो, पुतळा जिवंत होतो, आणि हा मिठी मारायला गेला की बाई निसटते. एका क्षणी तर कमरेच्या वरचा भाग एकीकडे आणि पाय दुसरीकडे. मूळ कथेत प्रेमाची देवता त्या शिल्पकाराला पावते. मेलिएसने त्याची निव्वळ फजिती केली आहे.

मग १९०५ मध्ये त्याने युलिसिस (ओडिसियसचंच लॅटिन नाव) आणि पॉलिफेमस यांच्यावर एक छोटा चित्रपट केला, चारेक मिनिटांचा. त्यात कॅलिप्सोचं बेट आणि पॉलिफेमसची गुहा एकाच ठिकाणी आहे. होमरमध्ये या दोघांचा एकमेकांशी काडीचा संबंध नाही; कॅलिप्सोकडे ओडिसियस सात वर्षं अडकतो ती हकीकत पूर्ण वेगळी. पण मेलिएसकडे रंगवलेला पडदा एकच, मग बेटही एकच. गणपतीतला हलता देखावा डोळ्यांसमोर आणा, म्हणजे या चित्रपटाची जातकुळी कळेल: पुढे अप्सरांचा नाच, मागे गुहा, आणि गुहेत काहीतरी दबा धरून बसलेलं. आधी एक हात बाहेर येतो. फक्त हात, पण माणसाएवढा. मग अंधारात तो एका डोळ्याचा चेहरा दिसतो, सगळं गुहेचं तोंड व्यापणारा. युलिसिस त्या डोळ्यात शस्त्र खुपसतो. बस्स. राक्षस पूर्ण दाखवण्याच्या फंदात मेलिएस पडलाच नाही. हात आणि तोंड दाखवलं, उरलेला राक्षस आपण मनाने जोडायचा. माझ्या मते हा आजवरचा सगळ्यात चतुर तोडगा आहे, आणि सगळ्यात स्वस्तही.

हे करायचे कसे, तेही सांगतो, म्हणजे बघताना जास्त मजा येईल. सोपी युक्ती म्हणजे कॅमेरा थांबवायचा, पुतळा हटवायचा, त्या जागी बाई उभी करायची आणि पुन्हा सुरू करायचा. फिल्मचा सांधा नंतर नीट कापून जोडायचा. दुसरी युक्ती जास्त जिकिरीची. काळ्या मखमली पडद्यासमोर एक गोष्ट चित्रित करायची. काळ्या भागावर फिल्मला प्रकाशच लागत नाही, म्हणजे तो भाग कोराच राहतो. मग तीच फिल्म कॅमेऱ्यात उलटी गुंडाळायची आणि दुसरी गोष्ट त्या कोऱ्या भागात बसेल अशी चित्रित करायची. कॅमेरा हाताने फिरवायचा असे. हँडलच्या एका फेऱ्यात ८ चौकटी, सेकंदाला साधारण दोन फेरे. गुंडाळताना फेरे मोजायचे, आणि मोजणारा चुकला की राक्षस वेळेआधीच दचकणार. शिवाय राक्षस आणि त्याचे बळी वेगवेगळ्या वेळी चित्रित झालेले. ज्याच्याकडे बघून दात विचकायचे तो समोर नाहीच. त्या नटांकडे या नजरेने बघा.

आता इटली. १९११ हे वर्ष लक्षात ठेवा. देशाच्या एकीकरणाला ५० वर्षं झाली म्हणून तुरिनमध्ये मोठं आंतरराष्ट्रीय प्रदर्शन भरलं होतं, आणि तुरिन-मिलानच्या चित्रपट कंपन्यांना सिनेमा हा जत्रेतला खेळ नाही हे शिकल्या-सवरलेल्या लोकांना पटवून द्यायचं होतं. शाळेत लॅटिन-ग्रीक घोकलेला वर्ग थिएटरात आणायचा तर त्याच्या पाठ्यपुस्तकातलं काहीतरी द्यायला हवं. मिलानो फिल्म्स या कंपनीने त्या वर्षी आधी दान्तेचा नरक पडद्यावर आणला आणि पाठोपाठ त्याच तिघा दिग्दर्शकांनी, म्हणजे बेर्तोलिनी, पादोवान आणि दे लिग्वोरो यांनी, 'ल'ओदिस्सेआ' केला. जुझेप्पे दे लिग्वोरो स्वतःच युलिसिस झाला.

मेलिएसचे छोटे तुकडे सोडले तर तुम्ही सुरुवात याच चित्रपटापासून करा असं मी सुचवेन. एकतर कथा तुम्हाला माहीत आहे किंवा अर्ध्या तासात माहीत करून घेता येईल. दुसरं म्हणजे त्यात मेलिएसच्या युक्त्या आहेत, पण समुद्र आणि आभाळ खरं आहे, आणि ही सरमिसळ फार विलक्षण दिसते. खऱ्या खडकांवरून चालणारी माणसं अचानक एका बनावट राक्षसापुढे येतात. इथे पॉलिफेमस संपूर्ण दिसतो. तो आणि ओडिसियसची माणसं एका चौकटीत आहेत, आणि नीट बघितलं तर कुठे जोडलंय ते कळतंही. कळलं तरी बिघडत नाही. कॅमेरा हलत नाही, जवळचं दृश्य नाही, नट डोक्यापासून पायांपर्यंत दिसतात, हातवारे मोठे. पहिली पाच मिनिटं कंटाळा येईल. मग तुमची नजर स्वतःच चौकटीत फिरायला लागते, मागच्या बाजूला काय चाललंय ते शोधायला लागते.

त्याच वर्षी तुरिनच्या ईताला फिल्मने ट्रॉयच्या पाडावावर 'ला कादूता दी त्रोइया' काढला. दिग्दर्शक जोव्हान्नी पास्त्रोने आणि लुइजी रोमानो बोर्न्येत्तो. अर्ध्या तासाचा. आज हे हसण्यावारी जाईल, पण तेव्हा अमेरिकेत एका रिळाचा, म्हणजे जेमतेम पंधरा मिनिटांचा खेळ हाच शिरस्ता होता. दोन रिळांची गोष्ट ही चैन होती. पास्त्रोने शिक्षणाने हिशेबनीस, आणि त्याचा हिशेबीपणा कुठे दिसतो सांगू? कापडावर रंगवलेल्या भिंती कमी करून त्याने खऱ्या उंचीच्या भिंती, पायऱ्या, दरवाजे उभे केले आणि ते माणसांनी भरून टाकले. पैसा कुठे घातला की प्रेक्षकाला दिसतो, हे त्याला बरोबर कळलं होतं.

एक गंमत बघा. ट्रॉयचा घोडा, म्हणजे पोटात ग्रीक सैनिक लपवलेला तो लाकडी घोडा, 'इलियड'मध्ये नाहीच. होमरचं हे ट्रॉयच्या युद्धावरचं काव्य ट्रॉयचा राजपुत्र हेक्टर याच्या अंत्यसंस्कारावर संपतं. घोड्याची गोष्ट 'ओडिसी'मध्ये एक गवई दरबारात गातो, आणि सविस्तर सापडते ती रोमन कवी व्हर्जिलच्या 'इनीड'च्या दुसऱ्या सर्गात, तीही हरलेल्या ट्रोजनांच्या तोंडून. त्यामुळे इटालियन प्रेक्षकाला हा प्रसंग होमरपेक्षा आपल्या व्हर्जिलचा वाटत असणार, आणि तो घोडा शहरात ओढला जाताना त्याची सहानुभूती शहरातल्या ट्रोजनांकडे. चित्रपटही तसाच झुकतो. दहा वर्षांचा वेढा झटपट उरकतो आणि शेवटची जाळपोळ मात्र तब्येतीने दाखवतो. घोडा दरवाज्यातून येतो तेव्हा मोठेपणाचा प्रश्न पुन्हा समोर येतो, पण इथे युक्ती नाही. खरोखरच मोठा घोडा, खरोखरच ओढणारी माणसं. त्या दृश्याचं वजन वेगळंच आहे.

आणि देव? देव याच चित्रपटात आहेत, पण बघा कसे. प्रेमदेवता व्हीनस ट्रॉयचा राजपुत्र पॅरिस आणि त्याने पळवलेली ग्रीक राणी हेलन यांना एका भल्यामोठ्या शिंपल्यात बसवते आणि तो शिंपला आभाळातून तरंगत निघतो. आमच्या फिल्म सोसायटीत हे दृश्य आलं तेव्हा लोक खळखळून हसले. वाईट हसले नाहीत, पण हसले. मला वाटतं १९११ चा तुरिनचा प्रेक्षकही गालात हसलाच असणार. व्हीनसला हात जोडणारं त्या थिएटरात कुणी नव्हतं.

इथे आपल्याकडचं आठवल्याशिवाय राहत नाही. दादासाहेब फाळकेही जादूचे प्रयोग करायचे, आपल्याच आडनावाची अक्षरं उलटीसुलटी करून 'प्रोफेसर केळफा' या नावाने. 'श्रीकृष्ण जन्म' (१९१८) मध्ये कंसाला स्वतःचं शिर धडावेगळं झालेलं दिसतं, ती मेलिएसच्याच घराण्यातली करामत. 'कालिया मर्दन' (१९१९) मध्ये त्यांची मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली आणि सापाशी झुंजली. युक्त्या त्याच, कॅमेरे त्याच जातीचे. पण फाळक्यांच्या 'लंका दहन'मध्ये राम पडद्यावर आला की लोक हात जोडायचे, थिएटरात लोटांगण घालायचे, असं सांगतात. तिथे राम हा तमाशातला देखावा नव्हता. ग्रीक देवांचं नेमकं उलट झालं. त्यांना भाविक नव्हते, म्हणून पडद्यावर त्यांचं काम फक्त थक्क करण्याचं, आणि थक्क व्हायची सवय झाली की ते संपलं. आपल्याकडे पौराणिक चित्रपट बोलपटातही तगला. युरोपात देवांची जागा दहा-पंधरा वर्षांत माणसांनी घेतली.

तुम्हाला ते बघायचं असेल तर जर्मनीचा 'हेलेना' (१९२४) गाठा. म्युनिकच्या एमेल्का कंपनीचा, दिग्दर्शक मान्फ्रेड नोआ. दोन भाग, दोन्ही मिळून तीन तासांच्या वर. जर्मनीत चलनाची पार वाट लागली होती त्या काळातली ही निर्मिती, आणि तिची भव्यता बघून हे लोक पगार कशात देत होते असा प्रश्न पडतो. एदी दार्क्लेआ हेलन, रशियन नट व्लादिमिर गायदारोव्ह पॅरिस, आणि ग्रीक वीर अकिलिसच्या भूमिकेत कार्लो आल्दिनी, जो इटलीत ताकदीच्या करामतींच्या चित्रपटांतला नट होता. पण हा चित्रपट ज्याचा आहे तो म्हणजे आल्बेर्ट श्टाइनरूक. त्याने ट्रॉयचा म्हातारा राजा, हेक्टरचा बाप प्रायम केला आहे. 'गोलेम' या गाजलेल्या जर्मन मूकपटातला रब्बी, म्हणजे ज्यू धर्मगुरू, हाच. हेक्टर गेल्यावर त्याच्या चेहऱ्यावर जे होतं त्याला पाटीची गरज लागत नाही. इथे मोठेपणा राक्षसाचा नाही, देवाचा नाही. एका बापाचा चेहरा पडदा भरून टाकतो. १९११ च्या त्या इटालियन चित्रपटांत कॅमेरा इतका जवळ जातच नव्हता. 'इलियड'च्या चोविसाव्या सर्गातला प्रायम ज्याला आवडतो त्याने श्टाइनरूकला चुकवू नये.

मग याचं नाव फारसं कुणाला माहीत का नाही? एक कारण म्हणजे मुहूर्त. त्याच वर्षी, काही आठवड्यांच्या अंतराने, फ्रिट्झ लांगचा 'नीबेलुंगेन' आला आणि जर्मनांनी आपली पुराणकथा डोक्यावर घेतली. हाना राल्फ ही नटी दोन्हींत आहे: इकडे हेक्टरची बायको, तिकडे ब्रुनहिल्ड. शिवाय प्रती विखुरल्या. म्युनिकच्या फिल्म म्युझियमने तुकडे जमवून तो पुन्हा उभा केला म्हणून आज बघायला मिळतो. दुसरा भाग पहिल्यापेक्षा सरस आहे. पहिल्यात प्रेमप्रकरण लांबतं आणि गायदारोव्ह जरा जास्तच उसासे टाकतो.

तीन वर्षांनी, १९२७ मध्ये, हॉलिवूडमध्ये अलेक्झांडर कोर्डाने हेलनवरच विनोदी चित्रपट केला. त्याची तेव्हाची बायको मारिया कोर्डा हेलन, आणि लुइस स्टोन हा पेंगुळलेला नवरा मेनेलाउस. राक्षस नाहीत, एका कंटाळलेल्या बाईची आणि तिच्या दोन पुरुषांची गोष्ट. याच्या पाट्या जेराल्ड डफीने लिहिल्या, तेव्हाच्या चुरचुरीत अमेरिकन बोलीत, आणि पहिल्या ऑस्करच्या वेळी पाट्यांच्या लेखनासाठी त्याला नामांकन मिळालं. तोवर तो वारला होता. तो पुरस्कार त्या एकाच वर्षी दिला गेला, नंतर बोलपट आले. म्हणजे हेलनच्या मूकपटाची दखल घेतली गेली ती शब्दांसाठी! आज त्याचे काही तुकडेच उरले आहेत, त्यामुळे यादीत शेवटी ठेवा.

खुद्द ग्रीसमध्ये काय होतं? तिथे या काळात चित्रपट-उद्योग बाळसं धरत होता. पण १९२७ मध्ये सिकेलियानोस कवी आणि त्याची अमेरिकन बायको इव्हा पामर यांनी डेल्फीच्या प्राचीन नाट्यगृहात 'प्रॉमिथियस' हे जुनं ग्रीक नाटक उभं केलं, त्याचं चित्रीकरण झालं. तो कथापट नव्हे, नाटकाचं चित्रण आहे. मागचा डोंगर खरा, दगडी पायऱ्या खऱ्या, आणि कोरसमधल्या बायकांच्या हालचाली जुन्या मातीच्या भांड्यांवरच्या चित्रांवरून बसवलेल्या. पाचच मिनिटं बघितलंत तरी चालेल, पण बघा.

आता बघायचं कसं. वरचे जुने चित्रपट इंटरनेटवर सहज मिळतात, पण प्रती हाताळून हाताळून भ्रष्ट झालेल्या असतात. माणसं दुडूदुडू पळताना दिसली तर तो नटांचा दोष नाही. सेकंदाला १६-१८ चौकटींनी काढलेली फिल्म २४ ने चालवली की असंच होतं. वेग कमी करायची सोय असते, पाऊणपट करून बघा. प्रायमही चालतो आणि घोडाही वजनदार वाटतो. संगीत बहुतेकदा नंतर कुणीतरी चिकटवलेलं असतं. ते डोक्यात जात असेल तर बिनदिक्कत आवाज बंद करा. काळ्या-पांढऱ्याऐवजी निळी किंवा लाल छटा दिसली तर प्रत खराब आहे असं समजू नका. रात्र निळी आणि आग लाल ही तेव्हाची रीतच होती. पाट्या ज्या देशात प्रत सापडली त्या देशाच्या भाषेत असतात. इटालियन चित्रपट आणि पाट्या भलत्याच भाषेत, असंही होतं. म्हणून कथा आधी वाचून बसा. हे चित्रपट करणाऱ्यांनीही प्रेक्षकाला कथा पाठ आहे असंच धरून चालवलं आहे, त्यामुळे न वाचता बसलात तर एका दृश्यातून दुसऱ्यात का गेलो ते कळणार नाही. 'ओडिसी'चा नववा सर्ग आणि 'इनीड'चा दुसरा, एवढं पुरे.

एका संध्याकाळी मेलिएस आणि दोन्ही इटालियन चित्रपट आरामात होतात. मेलिएस आधी लावा, म्हणजे नुसता हात बघितल्यावर पूर्ण राक्षस बघायला मिळेल. 'हेलेना' मोबाइलवर अजिबात नको, गर्दीतली माणसं मुंग्या होतील. आणि तो सलग बघण्याचा हट्ट धरू नका. बनवणाऱ्यांनीच दोन भाग केले आहेत, दोन रात्री द्या.